बाकडेकाकांचा नंबर

१

नंबर पुकारला गेला आणि बाकडेकाका उठले नाहीत.

सेटवर हशा पिकला. पिकणारच. मालिका सुरू झाल्यापासून ज्या माणसाचा नंबर लागला नव्हता त्याचा एकदाचा लागला, आणि हा गडी मान खाली घालून ढिम्म बसून राहिला. सगळ्यांना वाटलं, म्हाताऱ्यानं कमाल केली, लिहिलेलं नव्हतं ते करून दाखवलं. अधीक्षकाचं काम करणाऱ्या नटानं पुन्हा नंबर पुकारला. पुन्हा हशा. तिसऱ्यांदा पुकारला तेव्हा हसणारे एकमेकांकडे बघायला लागले. तेवढ्यात काकांच्या शेजारचा पाण्याचा ग्लास त्यांचं कोपर लागून खाली पडला आणि काकाही त्याच बाजूला कलले.

'पुढच्या खिडकीवर' ही मालिका पाहिली नसेल त्यांना थोडं सांगायला हवं. एका सरकारी हॉस्पिटलची ती गोष्ट. तिथे पेशंट मरत नाहीत आणि बरेही होत नाहीत. एका खिडकीवरून दुसऱ्या खिडकीवर जातात. अधीक्षक प्रत्येकाला कपाळाला आठ्या घालून सांगतो, पुढच्या खिडकीवर. आणि घरोघर लोक पोट धरून हसतात, कारण त्याच दिवशी सकाळी ते स्वतः तसल्याच खिडकीवरून हात हलवत परत आलेले असतात. स्वतःच्या अपमानावर हसलं की भांडायला जावं लागत नाही. सोयीचं पडतं.

त्या हॉस्पिटलच्या बोळात एक बाकडं, आणि बाकड्यावर काका. त्यांना एकही वाक्य नव्हतं. हातात टोकन धरून बसायचं. प्रत्येक भागात एकदा खिशातून बाटली काढायची, गोळी तोंडात टाकायची, वर पाणी प्यायचं आणि टोकनकडे बघायचं. लोक अधीक्षकापेक्षा काकांवर जीव टाकायचे. आणि हा शेवटचा भाग होता. यात काकांचा नंबर लागायचा होता.

रुग्णवाहिका आली. नर्सनं नाडी पाहिली, डोळे पाहिले, मान हलवली. मग काकांच्या तोंडाजवळ वाकली आणि तशीच थबकली.

"यांना हृदयाचा त्रास होता म्हणता ना?" ती म्हणाली. "मग तोंडाला पेपरमिंटचा वास कसा?"

२

तपास फौजदारबाईंकडे आला. त्या दुसऱ्या दिवशी दुपारी सेटवर पोचल्या, कारण सकाळ वडिलांच्या गुडघ्यापायी हॉस्पिटलच्या रांगेत गेली होती. खऱ्या हॉस्पिटलच्या. तिथून निघून त्या या खोट्या हॉस्पिटलात आल्या आणि दारातच उभ्या राहिल्या. भिंतींना तोच मळकट हिरवा रंग. कोपऱ्यात तशीच ओल, फक्त ही ब्रशनं रंगवलेली. बाकड्यावर हात टेकून पाहिला. खऱ्या हॉस्पिटलातल्या बाकड्यापेक्षा हे मजबूत होतं.

बोळाच्या टोकाला एक खिडकी होती. तिच्यामागे एक माणूस चहा पीत होता.

"ही खोटी की खरी?" बाईंनी विचारलं.

"खरी मॅडम. माझं ऑफिस. मी मॅनेजर." त्यानं कप खाली ठेवला. "तुमचा वेळ घेत नाही. प्रकरण सरळ आहे. काका जिभेखाली ठेवायची गोळी घ्यायचे, छातीसाठी. शूटिंगमध्ये जी बाटली असते तिच्यात नुसत्या पेपरमिंटच्या गोळ्या. दोन्ही बाटल्या दिसायला सारख्या. काकांना त्रास झाला, त्यांनी बाटली काढली, पण ती खोटी. बाटल्या सांभाळायचं काम सामानवाल्या ताईंचं. बाई चांगली आहे हो, पण चूक ती चूक."

"फारच तयार आहे तुमच्याकडे सगळं."

"मॅनेजर आहे मॅडम. मला तयार ठेवावंच लागतं."

"मग खरी बाटली कुठे गेली?"

"घरी राहिली असेल."

काकांचं घर म्हणजे एकट्याची एक खोली. हवालदार ती कालच बघून आला होता. तिथे बाटली नव्हती. काकांच्या अंगावर सापडलं ते एवढंच: मुठीतलं प्लास्टिकचं टोकन, शर्टाच्या खिशात पेपरमिंटची बाटली आणि चष्म्याचं घर. छातीचा आजार असलेला म्हातारा माणूस औषध न घेता घराबाहेर पडतो, आणि औषध घरीही नाही.

तेवढ्यात साहेबांचा फोन आला. साहेबांना चॅनेलचा फोन आला होता, हे त्यांच्या गोड आवाजावरूनच कळलं.

"उगाच ताणू नका. त्या सामानवाल्या बाईचं नाव घाला, हलगर्जीपणा लिहा आणि मोकळ्या व्हा. आज संध्याकाळपर्यंत."

"आणि तिनं केलं नसेल तर, साहेब?"

"मग कुणी केलं ते संध्याकाळपर्यंत सांगा."

३

सामानाची खोली म्हणजे सेटच्या मागची अडगळ. खोट्या सलाइनच्या बाटल्या, खोटी प्लॅस्टरं, पुठ्ठ्याचा एक्स-रे, रबराचा पाय. या सगळ्याच्या मध्ये एका खुर्चीवर ताई बसली होती. रडून झालेलं दिसत होतं. आता नुसती बसली होती.

"मीच मारलं त्यांना," ती म्हणाली. "लिहून घ्या."

"घाई मला आहे, तुला कशाला?"

"मग काय करू? सगळे तेच म्हणतायत. काल मीच बाटली भरली, मीच त्यांच्या खिशात घातली. काका म्हणाले, पोरी, आज दोन जास्त टाक, शेवटचा दिवस आहे, गोडधोड व्हायला पाहिजे. मी टाकल्या." तिनं नाक पुसलं. "आमच्या घरी काल दुपारीच कळलं. सासूबाई म्हणाल्या, पोलीस घरी यायच्या आत पोरांना मामाकडे पाठव. पाठवली."

फौजदारबाई रबराच्या पायाशेजारी बसल्या. पाय दुखत होते, खरे.

"त्यांची खरी बाटली तू कधी पाहिलीस?"

"आधी रोज दिसायची. लेंग्याच्या खिशात असायची. मी त्यांना बजावून सांगायचे, काका, शर्टात माझी, लेंग्यात तुमची. ते म्हणायचे, अगं, म्हातारा झालोय, येडा नाही झालो."

"काल लेंग्यात होती?"

ताईनं आठवून पाहिलं. "काल मी शर्टाचंच बघितलं. माझं काम शर्टाचं. बाटली, चष्मा, टोकन."

"हे टोकन प्लास्टिकचं कसं? पहिल्या भागांत पितळी होतं. माझे वडील बघतात मालिका, त्यांच्याबरोबर मीही बघते."

ताईच्या चेहऱ्यावर पहिल्यांदा थोडा जीव आला. कामाचं कुणी विचारलं की माणूस सावरतो. "पितळी बिल्ले होते आधी. पण लाइट पडला की चमक मारायचे, कॅमेऱ्याच्या थेट डोळ्यात. म्हणून मग प्लास्टिकची केली. त्यांना मी वरून पावडर पण लावते. काही केल्या चमकत नाहीत."

"आणि पितळी कुठे गेले?"

"मॅनेजरनी नेले. काय केलं त्यांचं, त्यांनाच ठाऊक. या खोलीतून गेलेली वस्तू परत येत नाही मॅडम." तिनं जरा थांबून विचारलं, "मला आत्ताच नेणार का? नाही, म्हणजे घरी गॅसचा नंबर लावायचा राहिलाय."

बाईंनी घड्याळ पाहिलं. संध्याकाळ व्हायला अजून वेळ होता.

४

अधीक्षकाचं काम करणाऱ्या नटाला सगळे अधीक्षकच म्हणत. तोही स्वतःला तेच समजायला लागला होता. मेकअपच्या खोलीत आरशासमोर बसून तो बोटांत काहीतरी गरगर फिरवत होता. आरशाभोवतीच्या दिव्यांचा उजेड त्यावर पडून भिंतीवर एक पिवळा ठिपका नाचत होता.

"बसा. तुम्हाला वाटत असेल, लोक काकांवर जास्त प्रेम करायचे म्हणून मी जळायचो."

"मी काहीच बोललेले नाही."

"जळायचोच. तोंड न उघडता टाळ्या घ्यायचा म्हातारा. मी पानंच्या पानं पाठ करायची आणि ह्यानं नुसतं बसायचं. पण म्हणून काय मी त्याला मारीन? आता टाळ्या कुणाला पडणार? मला तर नाहीच." ठिपका भिंतीवरून छतावर गेला. "मी बोलत असताना म्हाताऱ्यानं काहीतरी केलं, सगळे हसले. मला वाटलं, आज पण खाल्लं मला. मी मान वळवून पाहिलंसुद्धा नाही."

"हातात काय आहे ते?"

"हा? माझं पित्त." त्यानं मूठ उघडली. पितळी बिल्ला. "म्हणजे पित्ताच्या गोळ्या. मागच्या महिन्यात एका सीनमध्ये मी गंमत म्हणून काकांच्या हातची गोळी घेऊन खाल्ली. निघाली खरी. धाडकन पडलो. तेव्हापासून आम्हा नटांना डॉक्टरांचा, म्हणजे आमच्या दिग्दर्शकांचा नियम, सेटवर खरं औषध नको. आल्यावर मॅनेजरच्या खिडकीवर जमा करायचं आणि हा बिल्ला घ्यायचा. परत पाहिजे असेल तर बिल्ला दाखवायचा, आणि त्याच्यावर पुन्हा डॉक्टरांची सही." तो हसला, पण हसू अर्ध्यावरच संपलं. "आम्ही ज्याची टिंगल करतो ना मॅडम, तेच इथे करतो. फक्त आमच्याकडे लाइट चांगले आहेत."

बाई तडक खिडकीवर गेल्या.

"काकांनी औषध तुमच्याकडे जमा केलं होतं."

मॅनेजरनं डोळाही लवू दिला नाही. मागचं कपाट उघडून दाखवलं. खणांत लोकांच्या गोळ्या, मलमं, एकाचा दम्याचा पंप. काकांचं काही नव्हतं.

"जमा केलं असतं तर त्यांच्याजवळ बिल्ला सापडला असता," तो म्हणाला. "सापडला का?"

सापडला नव्हता. काकांच्या मुठीत प्लास्टिकचं टोकन होतं, हे पंचनाम्यात लिहिलेलं होतं आणि ते बाईंनी स्वतः पाहिलं होतं.

मॅनेजरनं कपाट लावलं. त्याचा कप मात्र रिकामा होता आणि तो तरीही त्यातून पीत होता.

५

मालिका लिहायचा आणि दिग्दर्शन करायचा तो एकच माणूस. सगळे त्याला डॉक्टर म्हणत, कारण तो खरोखरच डॉक्टर होता. हॉस्पिटलची नोकरी सोडून या धंद्यात आलेला. दाढी वाढलेली, डोळ्यांखाली काळं. समोर तीन पडदे, त्यांपैकी दोन बंद.

"लोक विचारतात, एवढी नोकरी का सोडली," तो आपणहून म्हणाला. "तिथे माणूस समोर तडफडत असायचा आणि बघणारा कागद बघत असायचा. मला सहन झालं नाही. म्हणून ही मालिका."

"काल काय झालं?"

"खिडकीचा सीन. अधीक्षकाचं लांबलचक भाषण, त्यानंतर नंबर. मी खिडकीचाच कॅमेरा बघत होतो. नंबर पुकारला, काका उठले नाहीत, तेव्हा मी पहिल्यांदा त्यांच्याकडे पाहिलं. धावत गेलो. नाडी लागत नव्हती."

"तुमच्याआधी कुणी पोचलं होतं?"

"नाही. मीच पहिला. आणि माझ्याशिवाय कुणाला हात लावू दिला नाही. ताई रडत पुढे येत होती, तिलाही मागे सारलं. अशा वेळी गर्दी वाईट."

"काकांचा हात तुम्ही धरला."

"नाडी हातालाच असते, मॅडम."

त्यानं चालू पडद्यावर खिडकीच्या कॅमेऱ्यातलं चित्रण दाखवलं. अधीक्षक बोलतोय, बोलतोय, मध्येच मागून कुणीतरी हसतं, अधीक्षक तरीही बोलतोय. मग नंबर. काका चित्रात नव्हतेच.

"मागे हसलं कोण? आणि कशाला? अजून नंबर पुकारायचा होता."

"सेटवर कुणी ना कुणी हसतंच," डॉक्टर म्हणाला आणि डोळे चोळत पडदा बंद केला.

बाईंचा फोन वाजला. वडील होते. "अगं, किती वेळ? आपला नंबर येईल आता. ये, नाहीतर मी इथे बसून बसून त्या मालिकेतल्या काकासारखा व्हायचो."

संध्याकाळ जवळ आली होती आणि फौजदारबाईंच्या हातात ताईशिवाय कुणाचंही नाव नव्हतं.

६

हॉस्पिटलच्या प्रतीक्षागृहात वडील कोपऱ्यात बसले होते, काठी दोन्ही पायांच्या मध्ये धरून. समोर भिंतीवर टीव्ही. टीव्हीचा आवाज एवढा, की कुणाचा नंबर पुकारला ते कळू नये.

"साहेब काय म्हणाले?" वडिलांनी विचारलं.

"कुणाला तरी आत घाला म्हणाले."

"मग घाल की. तुला कधी नव्हे ते सोपं काम मिळालंय."

"बाबा."

"बरं, नाही बोलत."

तेवढ्यात टीव्हीवर काका आले. चॅनेलनं शेवटच्या भागाची जाहिरात सुरू केली होती. माणूस जाऊन अजून दुसरा दिवसही मावळला नव्हता. पडद्यावर अक्षरं आली, काकांना अखेरचा नमस्कार, आणि त्यामागे काकांचा चेहरा. जवळून. अगदी जवळून, कपाळावरचा घामाचा थेंब दिसावा इतका. मागे अधीक्षकाचा आवाज चालूच होता. तेच भाषण. काकांचा जबडा आवळलेला. नजर कॅमेऱ्याच्या जरा बाजूला, तिथे कुणीतरी बसलंय अशी. मग हळूहळू हात वर आला. बोटांत टोकन. काकांनी ते पुढे धरलं. पडद्यावर लख्खकन चमक मारली. मागे हशा.

प्रतीक्षागृहातही हशा झाला. एक बाई पदरानं डोळे पुसत म्हणाली, "काय काम केलंय हो म्हाताऱ्यानं. अगदी खरं वाटतंय."

"हे काय डोळ्यात मारलं?" वडील कुरकुरले. "एवढे मोठे लोक, आणि लाइट धड लावता येत नाही?"

फौजदारबाई उभ्या राहिल्या.

भाषण चालू होतं. नंबर अजून पुकारलेला नव्हता. आणि कॅमेरा काकांच्या तोंडापाशी होता.

"बाबा, मला जावं लागेल. नंबर आला तर तुम्ही जा खिडकीवर."

"आणि म्हणाले पुढच्या खिडकीवर, तर?"

"तर तिथे जा."

"असली पोरगी," वडील शेजारच्याला म्हणाले. पण ती दारापर्यंत पोचली होती.

७

फौजदारबाईंनी सगळ्यांना सेटवरच्या बोळात बोलावलं. डॉक्टर, मॅनेजर, अधीक्षक आणि ताई. बाकडं मध्ये होतं, त्यावर कुणी बसायला तयार नव्हतं. मग बाईच बसल्या.

"मला उभं राहून बोलायचा कंटाळा आलाय," त्या म्हणाल्या. "अधीक्षक, तुमचा बिल्ला धरा जरा लाइटखाली. हां. ताई, तू तुझं टोकन धर त्याच्या शेजारी."

बिल्ला चमकला. टोकन मातीसारखं मख्ख राहिलं.

"काका मेल्यावर त्यांच्या मुठीत टोकन होतं, प्लास्टिकचं. पण काल कॅमेऱ्यासमोर त्यांनी जे वर धरलं ते चमकलं. जाहिरातीत आत्ता सगळ्या गावानं पाहिलं. ताई, तुझं टोकन चमकतं?"

"नाही. शक्यच नाही." ताईचा आवाज बसला होता.

"म्हणजे जिवंत असताना काकांच्या हातात बिल्ला होता. म्हणजे औषध जमा केलेलं होतं. मॅनेजर, तुमच्या कपाटात ते दिसलं नाही, कारण तुम्ही ते काढलंत. ते नंतर बोलू. आधी ताईचं. काकांना माहीत होतं की आपलं औषध आपल्या खिशात नाही, खिडकीच्या मागे आहे. मग खिशातल्या बाटलीतली गोळी त्यांनी औषध म्हणून कशी घेतली असेल? जिभेखालच्या गोळीवर कुणी पाणी पितं का? काकांच्या शेजारी पाण्याचा ग्लास होता. ती गोळी त्यांनी रोजच्यासारखी खाल्ली, सीनमध्ये लिहिली होती म्हणून. अंगात त्रास असताना. ज्याला वाटतं आपण औषध घेतलंय, तो बिल्ला वर करून औषध मागत नाही."

ताई भिंतीला टेकली.

"मागत?" अधीक्षक म्हणाला. "ते मागत होते? आम्ही तर..."

"बाकीचे हसले. त्यांना टोकन दिसलं. पण एकाला टोकन दिसलं नाही, बिल्ला दिसला. काकांकडे बिल्ला आहे हे इथे दोघांना नक्की माहीत होतं. ज्यानं दिला त्याला, आणि ज्याची सही लागते त्याला. मॅनेजर, काल सकाळी काका खिडकीवर आले होते का?"

मॅनेजर डॉक्टरकडे बघायला लागला.

"तिकडे काय बघताय? त्यांची सही नकोय मला."

"आले होते," मॅनेजर म्हणाला. "म्हणाले, छातीवर जरा जड वाटतंय, बाटली दे. मी म्हटलं, काका, नियम माहीतय ना, डॉक्टरांची सही आणा. म्हणाले, डॉक्टर कुठेत? मी म्हटलं, सेटवर, शूटिंग सुरू होतंय." त्यानं घसा साफ केला. "म्हणून ते सेटवर गेले. मला काय माहीत? ते तर हसत गेले मॅडम. मला म्हणाले, तुझी खिडकी आपल्या मालिकेत घ्यायला पाहिजे."

अधीक्षकानं वर धरलेला बिल्ला खाली घेतला.

"आता कॅमेरा," फौजदारबाई म्हणाल्या. "डॉक्टर, तुम्ही म्हणालात, नंबर पुकारेपर्यंत तुम्ही काकांकडे पाहिलंच नाही. पण जाहिरातीत मागे भाषण चालू आहे आणि कॅमेरा काकांच्या घामापर्यंत पोचलाय. लिहिलेला सीन खिडकीचा. कॅमेरा आपल्या मनानं चालत जात नाही. कुणीतरी कॅमेरावाल्याच्या कानात सांगतं, तिकडे जा, जवळ जा, आणखी जवळ. या सेटवर त्याच्या कानात बोलणारा माणूस एकच."

डॉक्टरनं खिशात हात घातला आणि तसाच ठेवला.

"काका तुमच्याकडेच बघत होते. बिल्ला तुम्हालाच दाखवत होते. सेटवर दुसऱ्या कुणाची सही चालत नव्हती. आणि मेल्यावर त्यांचा हात धरला तो फक्त तुम्ही. दुसऱ्या कुणाला हात लावू दिला नाहीत, हे तुम्हीच सांगितलंत. तेव्हा मुठीतला बिल्ला गेला आणि प्लास्टिकचं टोकन आलं."

"त्यांच्या खिशात होतं ते," डॉक्टर म्हणाला. आवाज चढला नाही, उतरलाही नाही. खूप दिवस झोप न मिळालेल्या माणसाचा आवाज. "टोकन खिशात घालून ते बिल्ला घेऊन बसले होते. मला वाटलं, चुकून. घाम आला तेव्हा कळलं. जबडा धरला तेव्हा तर पक्कंच. अशी माणसं मी शेकड्यानं बघितलीत."

"मग?"

"मग मी म्हटलं, जवळ जा. इतकी वर्षं शोधत होतो तो चेहरा समोर होता. वाट बघणाऱ्या माणसाचा. नटाला सांगून येत नाही तो. मला वाटलं, एवढं भाषण होऊ दे, मग थांबवतो. भाषण झालं. वाटलं, नंबर पुकारू दे, काका उठायचा प्रयत्न करतील, तेवढं मिळू दे, मग थांबवतो." तो बाकड्याकडे बघत होता. "खरंच थांबवणार होतो."

"नोकरी का सोडली म्हणालात? माणूस तडफडत असायचा आणि बघणारा कागद बघायचा."

"मी कागद नव्हतो बघत, मॅडम. मी त्यांच्याकडेच बघत होतो."

"तेच तर म्हणतेय मी."

ताई भिंतीपासून पुढे आली. सगळ्यांना वाटलं, ती त्याच्या थोबाडीत देणार. तिनं फक्त विचारलं, "मला मागे ढकललंत तेव्हा माहीत होतं तुम्हाला?"

"हो."

"आणि काल दुपारी माझ्या घरी फोन गेला, की ताईच्या चुकीनं माणूस गेला, तेव्हा?"

डॉक्टरनं खिशातला हात बाहेर काढला आणि बिल्ला फौजदारबाईंच्या तळहातावर ठेवला. इतका वेळ मुठीत राहून तो कोमट झाला होता.

"फेकून का दिला नाहीत?" त्यांनी विचारलं. "आणि ते चित्र जाहिरातीला का दिलंत?"

"चित्र चांगलं होतं," तो म्हणाला. एवढंच.

८

डॉक्टरला हवालदारानं गाडीत बसवलं. कलम कुठलं लागेल, लागेल की नाही, चॅनेल किती वकील उभे करील, साहेब उद्या किती गोड बोलतील, हे सगळं फौजदारबाईंना आत्ताच दिसत होतं. पण एक नाव कागदावरून गेलं होतं आणि दुसरं चढलं होतं. संध्याकाळपर्यंत एवढं पुष्कळ.

एक काम उरलं होतं. बोळाच्या टोकाला जाऊन त्यांनी खिडकीवर बिल्ला ठेवला.

"काकांची बाटली द्या."

मॅनेजरनं खाली वाकून टेबलाच्या आतल्या खणातून लहानशी बाटली काढली. बाटली पुढे करता करता त्याच्या तोंडातून सवयीनं निघून गेलं, "याच्यावर डॉक्टरांची..."

आणि तो तिथेच थांबला.

"बाहेर गाडीत बसलेत," फौजदारबाई म्हणाल्या. "सही घेऊन या. मग तुम्हीही तिथेच बसा."

परत येताना बोळात ताई उभी होती, पाण्याचा ग्लास घेऊन. बाई बाकड्यावर बसल्या आणि एका दमात पाणी प्यायल्या.

"मॅडम, माझ्या गोळीनं नाही ना गेले ते?"

"नाही. तुझ्या गोळीनं जाताना तोंड गोड राहिलं, तेवढंच."

ताईनं तोंडाला पदर लावला. मग म्हणाली, "पोरांना घेऊन येते," आणि रिकामा ग्लास तिथेच विसरून निघाली.

फोन वाजला.

"अगं, नंबर लागला एकदाचा," वडील म्हणाले. "खिडकीवर गेलो. काय म्हणाले असतील, सांग."

"पुढच्या खिडकीवर."

"शाबास. आता तिथल्या बाकड्यावर बसलोय."

"बाबा, छातीत वगैरे काही होत नाही ना?"

"गुडघा दुखतोय. छातीचं कशाला विचारतेस?"

"सहज," फौजदारबाई म्हणाल्या आणि बाकड्यावरून उठल्या. "आलेच मी."